बर्फाच्या स्वाधीन केलेलं जहाज

ऑस्लोच्या टाउन हॉलसमोरच्या धक्क्यावरून उन्हाळ्यात बिगदॉयला जाणारी फेरीबोट सुटते. प्रवास पाव तासाच्या आतबाहेरचा. किनारा जवळ येऊ लागला की जमिनीपर्यंत उतरलेल्या छपराची एक उंच त्रिकोणी इमारत नजरेत भरते. त्या इमारतीत एक अख्खं जहाज आहे, शिडाच्या डोलकाठ्यांसकट. 1935मध्ये ‘फ्राम’ इथे किनाऱ्यावर ओढून घेतलं, त्याच्याभोवती इमारत उभी केली आणि मे 1936मध्ये संग्रहालय खुलं झालं. या लेखमालेत आजवर आपण पाहिलेल्या संग्रहालयांत वस्तू इमारतीत आणून मांडल्या होत्या. इथे वस्तूच्या मापाने इमारत बेतली आहे.

संग्रहालयात शिरलेला माणूस बहुधा थेट जिना चढून डेक गाठतो. तिथे उभं राहून फोटो काढण्याचा मोह होतोच. पण गाइडबरोबर फिरत असाल तर आधी खालीच थांबायची विनंती करा आणि जहाजाचं पोट नीट पाहा. समुद्रावरच्या जहाजाला पाणी कापणारी, खाली उतरत गेलेली कड असते. फ्रामला ती जवळजवळ नाहीच. कूस गरगरीत, लांबी सुमारे 39 मीटर आणि रुंदी तब्बल 11 मीटर. खुल्या समुद्रात हे जहाज भयंकर डोलायचं, खलाशी हैराण व्हायचे. तो दोष बांधणाऱ्याने जाणूनबुजून पत्करला होता.

कारण हे जहाज समुद्रासाठी नव्हतंच. 1881मध्ये ‘जॅनेट’ नावाचं अमेरिकन जहाज सायबेरियाच्या उत्तरेला बर्फात चिरडून बुडालं. तीन वर्षांनी त्याचे अवशेष सापडले ते थेट ग्रीनलंडच्या नैर्ऋत्य किनाऱ्याला. हवामानशास्त्रज्ञ हेन्रिक मोन यांनी त्यावरून अंदाज बांधला की उत्तर ध्रुवाच्या बाजूने बर्फाला वाहून नेणारा प्रवाह असला पाहिजे. फ्रित्यॉफ नान्सेन या तरुण प्राणिशास्त्रज्ञाने हा अंदाज उचलला आणि त्यातून एक योजना मांडली, जी ऐकून आर्क्टिकमध्ये मुरलेले बहुतेक दर्यावर्दी चक्रावले. बर्फाशी झगडायचंच नाही. जहाज स्वतःहून बर्फात अडकवायचं आणि वाट पाहायची. बर्फ नेईल तिकडे जायचं.

त्यासाठी बर्फाच्या दाबाखाली न फुटणारं जहाज हवं होतं. ते लार्विकच्या कॉलिन आर्चर यांनी बांधलं. लिंबाची ओली बी चिमटीत दाबली की वर सटकते, तसं दोन्ही बाजूंनी बर्फ आवळू लागला की जहाज वर उचललं जावं, हा त्यामागचा हिशेब. बर्फाला पकडायला काही सापडू नये म्हणून सुकाणू आणि पंखा दोन्ही वर ओढून घेण्याची सोय केली. जहाजाच्या फासळ्यांसाठी वापरलेलं इटालियन ओक लाकूड नौदलाच्या कोठारात जवळपास तीस वर्षं सुकत पडलेलं होतं. त्यावर फळ्यांचे थरावर थर आणि सर्वांत बाहेर ग्रीनहार्ट या अतिशय टणक लाकडाचं कवच. कूस 70 ते 80 सेंटिमीटर जाड झाली, आणि नाळेपाशी ओकच्या तुळयांची जाडी सव्वा मीटरवर गेली. आतल्या केबिनच्या भिंतींत वाख, बूच, लाकूड असे थर भरले आणि वरच्या छतात रेनडिअरचे केस. हा केसांचा थर लक्षात ठेवा.

जून 1893मध्ये तेरा माणसं घेऊन फ्राम निघालं, सप्टेंबरमध्ये बर्फात गोठलं आणि ऑगस्ट 1896मध्ये दुसऱ्या बाजूने खुल्या पाण्यात आलं. तेराच्या तेरा जण जिवंत घरी परतले. ध्रुव मात्र हाती लागला नाही. प्रवाह जहाजाला ध्रुवाच्या बाजूने घेऊन गेला, ध्रुवावर नाही. पण नान्सेनची खरी मिळकत वेगळी आहे, आणि दालनातल्या फलकांपुढून लोक घाईने पुढे सरकतात तेव्हा मला वाईट वाटतं ते या मिळकतीसाठी. आर्क्टिक समुद्र उथळ असेल असा समज होता. फ्रामवरून सोडलेल्या दोऱ्या तीन हजार मीटरच्या खाली गेल्या. शिवाय बर्फ वाऱ्याच्या नेमक्या दिशेने सरकत नाही, वाऱ्याच्या उजवीकडे कललेला सरकतो, हे नान्सेनने टिपून ठेवलं. पृथ्वीच्या फिरण्यामुळे असं होत असावं, ही त्याची अटकळ पुढे स्वीडनच्या वॅगन वाल्फ्रिड एकमन यांनी गणिताने मांडली. समुद्रशास्त्राच्या विद्यार्थ्याला आजही ‘एकमन सर्पिल’ शिकावं लागतं, त्याचा उगम या गोठलेल्या जहाजात आहे.

मार्च 1895मध्ये नान्सेन आणि याल्मार योहान्सेन जहाज सोडून कुत्रे, घसरगाड्या आणि कायाक घेऊन ध्रुवाकडे निघाले. 86 अंश 14 मिनिटं उत्तर, इथवर पोचून ते मागे वळले. तोवर एवढ्या उत्तरेला कुणी गेलं नव्हतं. पण त्यांच्या कपड्यांची हकिगत विजयाच्या वर्णनात हरवून जाते. फरचे जड पोशाख जहाजावर ठेवून ते लोकरीच्या कपड्यांत निघाले होते. दिवसभर चालून आलेला घाम लोकरीत मुरायचा आणि गोठायचा. अंगावरचे कपडे बर्फाचं चिलखत व्हायचे, रात्री झोपायच्या पिशवीत अंगाच्या उबेने वितळायचे आणि सकाळी पुन्हा कडक. कोटाच्या गोठलेल्या बाहीने नान्सेनच्या मनगटाला घासून खोल जखम केली. पुढे त्यांनी फ्रान्झ योझेफ लँडवर दगड आणि वॉलरसच्या कातड्याच्या खोपटात, अस्वलाच्या मांसावर अख्खा हिवाळा काढला. जून 1896मध्ये फ्रेडरिक जॅक्सन या इंग्रज प्रवाशाशी अचानक गाठ पडली आणि ते वाचले.

एवढी मनगटाची जखम मी का सांगतो आहे? कारण शेजारच्या इमारतीतलं ‘योआ’ हे छोटं जहाज त्या जखमेचं उत्तर आहे.

योआ हे 1872मध्ये बांधलेलं, जेमतेम एकवीस मीटरचं मच्छीमारी जहाज. फ्रामपुढे अगदी किरकोळ. रोआल्ड अमुंडसेन या नॉर्वेजियन दर्यावर्दीने ते विकत घेतलं आणि 1903मध्ये सहा जणांना घेऊन, देणेकरी दारात येण्याआधी रात्रीच निघाला. अटलांटिक ते पॅसिफिक हा कॅनडाच्या उत्तरेचा सागरी मार्ग शोधण्यात शतकानुशतकं माणसं मेली होती. इंग्लंडचे सर जॉन फ्रँकलिन 1845मध्ये दोन मोठी जहाजं आणि डबाबंद अन्नाचा भरपूर साठा घेऊन गेले. 129 माणसांपैकी बहुतेक किंग विल्यम बेटाच्या परिसरात संपली. एकही परतला नाही.

अमुंडसेनने त्याच बेटावर दोन हिवाळे काढले, आणि तिथे त्याला जिवंत माणसं भेटली. नेत्सिलिक इनुइट. बायका-मुलांसह पिढ्यानपिढ्या तिथेच राहणारी. जिथे फ्रँकलिनचे खलाशी उपासमारीने आणि आजाराने गेले, तिथे ही माणसं शिकार करत होती, लेकरं वाढवत होती. अमुंडसेनने त्यांच्याकडे कुतूहलाच्या वस्तू म्हणून पाहिलं नाही असं म्हणवत नाही, त्याने त्यांच्याकडून वस्तू शेकड्यांनी गोळा केल्या. पण त्याच वेळी तो विद्यार्थी म्हणून त्यांच्यासमोर बसला. बर्फाचं घर कसं रचायचं, घसरगाडीच्या पट्ट्यांवर पाण्याचा थर गोठवून त्या कशा गुळगुळीत करायच्या, कुत्र्यांना कसं जुंपायचं, हे सगळं तो शिकला. आणि कपडे. कॅरिबूच्या कातड्याचे दोन थर. आतल्या थराचे केस अंगाकडे, बाहेरच्याचे केस बाहेर. दोन्ही थर सैल, कमरेला घट्ट न बांधलेले, म्हणजे हवा खेळती राहते आणि घाम आत साठत नाही. त्यांची सर्वांत मोठी शिकवण होती घाई न करण्याची. धावपळ केली की घाम येतो आणि घाम आला की माणूस गोठतो. नान्सेनचं मनगट सोलवटलं, ते याच शिकवणीच्या अभावी.

अमुंडसेन मार्ग पार करून 1906मध्ये अलास्काला पोचला. मधल्या काळात चुंबकीय उत्तर ध्रुव 1831मध्ये नोंदलेल्या जागेवरून सरकला आहे हेही त्याच्या मोजमापांतून सिद्ध झालं. योआ मात्र लगेच मायदेशी आलं नाही. सॅन फ्रान्सिस्कोच्या गोल्डन गेट पार्कमध्ये ते काही दशकं उघड्यावर होतं आणि 1972मध्ये नॉर्वेला परतलं.

आता पुन्हा फ्रामकडे या, कारण 1910मध्ये अमुंडसेन याच जहाजातून निघाला. तो उत्तरेला जातोय असं जवळजवळ सगळ्यांना वाटत होतं, जहाज वापरू देणाऱ्या नान्सेनलाही. मदेईरा बेटापाशी त्याने खलाशांना खरं सांगितलं: आपण दक्षिण ध्रुवाला चाललो आहोत. 14 डिसेंबर 1911 रोजी पाच नॉर्वेजियन तिथे पोचले. अंगावर फरचे सैल कपडे, पायांत स्की, पुढे ग्रीनलंडचे कुत्रे. त्याच वेळी ध्रुवाकडे निघालेल्या इंग्रज स्कॉटच्या तुकडीशी तुलना करून अमुंडसेनच्या धाडसाचं वर्णन पुष्कळ होतं. माझ्या मते धाडस दोघांतही होतं. फरक किंग विल्यम बेटावर गिरवलेल्या धड्यांचा होता. आणि या यशाची किंमतही दालनात उच्चारली गेली पाहिजे. ध्रुवाकडे निघताना कुत्रे 52 होते, परतले 11. उरलेले बहुतेक ठरवून मारले गेले आणि माणसांच्या व इतर कुत्र्यांच्या पोटात गेले. ज्याने बर्फातला तो हिवाळा आधी नान्सेनबरोबर भोगला होता तो योहान्सेन याही मोहिमेत होता. अमुंडसेनशी वाद झाल्याने त्याला ध्रुवाच्या तुकडीतून वगळलं गेलं, आणि जानेवारी 1913मध्ये त्याने आयुष्य संपवलं. त्याचं नाव गाइडने घेतलं नाही तर आपण विचारावं.

आपल्याकडच्या वाचकाला इथे एक धागा सापडेल. 1926मध्ये अमुंडसेन ‘नॉर्गे’ या हवाई जहाजातून उत्तर ध्रुवावरून गेला, ते उड्डाण स्वालबार्डच्या नी-ऑलेसुंद या वस्तीतून झालं. त्याच वस्तीत 2008पासून भारताचं ‘हिमाद्री’ हे संशोधन केंद्र आहे, आणि त्याचा कारभार गोव्यात वास्कोच्या राष्ट्रीय ध्रुवीय व महासागर संशोधन केंद्रातून चालतो. अंटार्क्टिकावरचं आपलं ‘मैत्री’ केंद्रही नॉर्वेने ज्यावर दावा सांगितला आहे त्या क्वीन मॉड लँडमध्येच आहे.

फ्रामसमोरच्या कॉन-टिकी संग्रहालयात मी फार रेंगाळायला सांगणार नाही. थोर हेयरडाल आणि पाच साथीदारांनी 1947मध्ये बाल्सा लाकडाच्या नऊ ओंडक्यांचा तराफा पेरूहून सोडला आणि 101 दिवसांनी पॉलिनेशियात रारोइआच्या प्रवाळावर तो आदळला. तराफा पाहताना थक्क व्हायला होतं. पण पॉलिनेशियाची वस्ती दक्षिण अमेरिकेतून झाली हे हेयरडालचं म्हणणं भाषाशास्त्राने आणि जनुकशास्त्राने फेटाळलं आहे. ती माणसं पश्चिमेकडून, आशियाच्या बाजूने आली. पूर्व पॉलिनेशियातल्या लोकांत अमेरिकन मूलनिवासींचा थोडा अंश मात्र 2020च्या जनुकीय अभ्यासात दिसला, म्हणजे दोन्हीकडची माणसं केव्हातरी भेटली होती. पण ज्या बेटवासीयांनी होड्यांतून अथांग महासागर पार केला, त्यांचं श्रेय इतरांना देणाऱ्या सिद्धान्ताचा फलक वाचताना मन खट्टू होतं. याच संग्रहालयाने 2019मध्ये रापा नुई बेटावरून आणलेले मानवी अवशेष आणि वस्तू परत करण्याचा करार केला, हे मात्र आवर्जून सांगायला हवं.

कारण ही परतफेड एकट्या एका संग्रहालयाची नाही. इथून चालत जाण्याच्या अंतरावर नॉर्वेचं लोकसंस्कृती संग्रहालय आहे, 1894मध्ये स्थापन झालेलं, देशभरातून हलवून आणलेल्या सुमारे 160 इमारतींचं. गोल या गावचं सुमारे 1200 सालचं लाकडी चर्च तिथे डांबराच्या काळ्या फळ्यांत उभं आहे. गावाला नवं चर्च हवं होतं, म्हणून ते पाडलं जाणार होतं. ते वाचवून इथे आणलं, हे चांगलंच झालं. पण याच संग्रहालयाकडे उत्तरेकडच्या सामी लोकांच्या हजारो वस्तू होत्या. त्या त्यांच्या गावांपासून, त्यांच्या भाषेपासून दूर ऑस्लोत पडून होत्या. 2012च्या ‘बोस्तेदे’ करारानुसार इथल्या आणि विद्यापीठाच्या संग्रहालयातल्या सुमारे दोन हजार वस्तू सामी संग्रहालयांकडे जाऊ लागल्या. अमुंडसेनने नेत्सिलिकांकडून आणलेल्या वस्तूंपैकी काही 2013मध्ये किंग विल्यम बेटावरच्या योआ हेवन या वस्तीत परत गेल्या. तिथे आता त्यांचं स्वतःचं वारसा केंद्र आहे.

नान्सेन 1888मध्ये स्कीवरून ग्रीनलंड ओलांडायला गेला तेव्हा त्याच्या सहा जणांच्या तुकडीत सामुएल बाल्टो आणि ओले नील्सेन राव्ना हे दोन सामी होते. नंतरचा हिवाळा त्याने गॉटहॉब म्हणजे आजच्या नूकमध्ये काढला आणि इनुइटांकडून कायाक चालवायला शिकला. फ्रामच्या छतातले रेनडिअरचे केस, योहान्सेनबरोबर नेलेले कायाक, अमुंडसेनचे फरचे पोशाख, ध्रुवाकडे धावणारे कुत्रे: या सगळ्यांचे गुरू बर्फात राहणारेच लोक होते. त्यांची नावं दालनातल्या मोठ्या अक्षरांत यायला बराच काळ लागला, आणि ते काम अजून चालूच आहे. बिगदॉयला गेलात तर फ्रामवरून उतरून थेट लोकसंस्कृती संग्रहालयातल्या सामी दालनात जा. आधीच्या दालनात पाहिलेल्या कपड्यांची आणि घसरगाड्यांची घरं तिथे सापडतील.

(पुढच्या आठवड्यात: 1904मध्ये उकरून काढलेलं ओसेबर्गचं वायकिंग जहाज आणि तुरटीने आतून कुजवलेल्या त्याच्या लाकडी वस्तू.)