बिनियन, बेनी

बिनियन, बेनी : (२० नोव्हेंबर १९०४–२५ डिसेंबर १९८९). अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांतील लास व्हेगस येथील एक आद्य कॅसिनो-व्यावसायिक आणि ‘वर्ल्ड सीरीज ऑफ पोकर’ या स्पर्धेचा प्रवर्तक. पूर्ण नाव लेस्टर बेन बिनियन. जन्म टेक्सस राज्यातील पायलट ग्रोव्ह येथे. लहानपणी प्रकृती नाजूक असल्याने त्याचे शालेय शिक्षण फारसे झाले नाही. घोड्यांचा व्यापार करणाऱ्या वडिलांबरोबर हिंडताना तो पत्ते व फासे खेळण्यात तरबेज झाला. दारूबंदीच्या काळात त्याने चोरट्या मद्याचा व्यापार केला. १९२८ पासून डॅलस शहरात तो आकड्यांचा बेकायदेशीर जुगार चालवू लागला. थोडे पैसे आकड्यांवर लावण्याच्या या खेळाचे आपल्याकडील मटक्याशी साम्य आहे. या धंद्याला हिंसाचाराची जोड होती. १९३१ मध्ये एका मद्यव्यापाऱ्याच्या खुनाबद्दल त्याला शिक्षा झाली; परंतु ती तहकूब ठेवण्यात आली. १९३६ मध्ये प्रतिस्पर्ध्याला ठार केल्याच्या आरोपातून तो आत्मसंरक्षणाच्या कारणावरून सुटला. १९४६ च्या निवडणुकीत डॅलसमधील शेरीफ बदलल्याने स्थानिक अधिकाऱ्यांचे अभय संपले व त्याने टेक्सस सोडले.

मोहावी वाळवंटातील लास व्हेगस हे गाव १९०५ मध्ये लोहमार्गालगत वसले. नेव्हाडा राज्याने १९३१ मध्ये जुगार कायदेशीर ठरविला आणि त्याच वर्षी जवळच हूव्हर धरणाचे काम सुरू झाले. परिणामी टेक्ससमध्ये जो उद्योग गुन्हा होता, तोच येथे परवाना घेऊन उघडपणे करता येऊ लागला. बिनियनने १९५१ मध्ये फ्रीमाँट रस्त्यावर ‘हॉर्सशू’ (घोड्याचा नाल) हा कॅसिनो सुरू केला. भुसा पसरलेल्या जमिनीऐवजी गालिचे, सामान्य गिऱ्हाइकालाही विनामूल्य मद्य आणि मोठ्या रकमेचे पण ही त्याची वैशिष्ट्ये होती.

शेजारच्या कॅसिनोंत फाशांच्या खेळात पणाची कमाल मर्यादा ५० डॉलर असताना त्याने ती ५०० डॉलर केली. पुढे खेळाडूचा पहिला पण कितीही मोठा असला, तरी तो स्वीकारण्याची प्रथा त्याने पाडली; मात्र ती पहिली रक्कम हीच त्या खेळाडूची मर्यादा ठरे. या अटीमागे व्यावहारिक हिशेब होता. हरल्यावर पण दुप्पट करीत जाऊन तूट भरून काढण्याचा जुगाऱ्यांचा मार्ग त्यामुळे बंद होई. फाशांच्या नेहमीच्या डावात चालकाचे आधिक्य शेकडा सुमारे १·४ एवढेच असते. एका डावात त्याची हानी होऊ शकते, पण असंख्य डावांत नफा जवळजवळ निश्चित असतो. १९८० मध्ये एका खेळाडूने ७,७७,००० डॉलर एकाच पणावर लावून तेवढीच रक्कम जिंकली. १९८४ मध्ये त्यानेच तेथे एका पणात दहा लाख डॉलर गमावले.

प्राप्तिकर चुकविल्याबद्दल बिनियनला १९५३ मध्ये शिक्षा होऊन १९५७ पर्यंत लेव्हनवर्थच्या तुरुंगात राहावे लागले. त्यानंतर त्याला जुगाराचा परवाना पुन्हा कधीच मिळाला नाही. हॉर्सशूची पूर्ण मालकी १९६४ मध्ये कुटुंबाकडे परत आली. कारभार मुलांच्या नावे चाले; बिनियनकडे जनसंपर्काचे पद होते, प्रत्यक्षात मात्र त्याचा शब्द अखेरचा असे. १९७० मध्ये त्याने निवडक खेळाडूंना बोलावून पोकरची स्पर्धा भरविली. तीत जॉनी मॉस विजेता ठरला. १९७२ मध्ये मुख्य स्पर्धेचे प्रवेशशुल्क १०,००० डॉलर झाले. चोरून खेळल्या जाणाऱ्या या खेळाला अशा स्पर्धांमुळे सार्वजनिक प्रतिष्ठा लाभली.

बिनियन लास व्हेगस येथे मरण पावला. कर्जबाजारी झालेला हॉर्सशू २००४ मध्ये बंद पडला आणि स्पर्धेचे हक्क अन्य कंपनीकडे गेले. गुन्हेगारीत वाढलेल्या धंद्याला कायद्याची मान्यता मिळताच त्याचे चालकही नगरीचे मान्यवर कसे ठरले, याचे बिनियनचे चरित्र हे एक बोलके उदाहरण आहे. १९८८ मध्ये त्याच्या हयातीतच तेथे त्याचा अश्वारूढ पुतळा उभारण्यात आला; परवाना मात्र कायद्याने त्याला अखेरपर्यंत नाकारला.