अर्ध्या दाण्याचं तेल

दुसऱ्या महायुद्धात रेपसीडचं तेल हवं होतं ते जहाजांना. वाफेच्या इंजिनात पाणी लागलं की साधं वंगण निघून जातं. हे तेल ओल्या धातूलाही चिकटून राहतं. युरोप-आशियाकडून होणारा पुरवठा तुटला, तेव्हा कॅनडाने सस्कॅचेवनच्या गव्हाच्या मुलखात मोहरीच्या या चुलतबहिणीचा पेरा वाढवला. युद्ध संपलं, जहाजांत डिझेल इंजिनं आली आणि पिकाला गिऱ्हाईक उरलं नाही.

माणसांना खाऊ घालावं तर दोन अडचणी. तेलात इरुसिक अ‍ॅसिड भरपूर. ते भरवलेल्या उंदरांच्या हृदयात चरबी साठलेली दिसू लागली. पेंडीत ग्लुकोसिनोलेट, म्हणजे गुरांनी तोंड फिरवावं असा कडवटपणा आणि वर थायरॉइडला त्रास.

सस्कटूनला कीथ डाउनी आणि मॅनिटोबा विद्यापीठात बाल्डर स्टेफान्सन हे दोघे पैदासकार यामागे लागले. दाणा जेमतेम दीड-दोन मिलिमीटरचा. त्यातलं तेल तपासायचं तर तो चिरडायला हवा, आणि चिरडलेला दाणा उगवणार कसा? डाउनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी यावर काढलेली तोड मला या सगळ्या कहाणीत सर्वांत देखणी वाटते. दाणा ओल्या कागदावर ठेवायचा, मोड फुटला की बाहेरचं दल अलगद सोलून घ्यायचं. ते दल गॅस क्रोमॅटोग्राफ यंत्रात जाई आणि त्यातल्या तेलाचा हिशेब मिळे. आतलं दल आणि कोंब मात्र जिवंतच. हिशेब पसंत पडला तर तो उरलेला दाणा कुंडीत लावायचा, नाहीतर फेकायचा.

इरुसिक अ‍ॅसिड कमी करणारा गुण जर्मनीच्या ‘लिहो’ या चाऱ्याच्या वाणात सापडला, ग्लुकोसिनोलेट कमी करणारा पोलंडच्या ‘ब्रोनोव्स्की’त. दोन्ही गुण एकत्र आणून स्टेफान्सन यांनी 1974 मध्ये ‘टॉवर’ हा वाण दिला. अशा वाणांसाठी ‘कॅनोला’ हे नाव नोंदवलं गेलं 1978 मध्ये. त्यासाठी तेलात इरुसिक अ‍ॅसिड दोन टक्क्यांहून कमी असावं लागतं.

हे सगळं साध्या संकरातून झालं. जनुकबदल केलेला कॅनोला कॅनडाच्या शेतांत आला तो 1995 च्या सुमारास, तणनाशक सोसण्यासाठी. आता तिथला बहुतेक पेरा त्याचाच. त्यावर वाद जरूर घालावा, पण ‘कॅनोला म्हणजे प्रयोगशाळेतलं विष’ ही आवई वेगळी. तिला 1981 च्या स्पेनची आठवणही चिकटली आहे. तिथे कारखान्यांसाठी अ‍ॅनिलिन मिसळलेलं रेपसीड तेल खाद्यतेल म्हणून विकलं गेलं आणि शेकडो माणसं दगावली. गुन्हा भेसळीचा, बदनामी बियांची.

बियांत चाळीस टक्क्यांहून जास्त तेल. ते आधी दाबून काढतात, उरलंसुरलं हेक्झेनने ओढून घेतात. मग मातीतून गाळून रंग घालवतात आणि निर्वातात वाफ सोडून वास. पेंड दुभत्या जनावरांना जाते. या गाळण्या-वाफवण्यामुळे बाटलीतल्या तेलाला ना चव ना गंध. लाकडी घाण्याच्या शेंगदाणा तेलावर वाढलेल्या जिभेला ते बेचव वाटलं तर नवल नाही.

मात्र संपृक्त चरबी फक्त सात टक्के. शेंगदाणा तेलात याच्या दुपटीहून जास्त. साठेक टक्के ओलेइक आम्ल, सुमारे दहा टक्के ओमेगा-3. तूप, लोणी किंवा पाम तेलाच्या जागी वापरलं तर एलडीएल कोलेस्टेरॉल उतरतं, हे अभ्यासांत दिसलं आहे. ‘जागी’ हा शब्द महत्त्वाचा. नेहमीचं तेल तेवढंच ठेवून वर हे ओतलं तर मोठ्या चमच्यामागे शंभर-सव्वाशे कॅलरी वाढतील, एवढंच. आणि केवळ ओमेगा-3 साठी महागडी आयात बाटली घेणाऱ्याने जवसाची चटणी आठवावी. जवसाच्या तेलात ते निम्म्याच्या आसपास असतं.

आपल्याकडे दिल्लीच्या पुसा संस्थेने मोहरीतच इरुसिक अ‍ॅसिड आणि ग्लुकोसिनोलेट दोन्ही कमी असलेला ‘पुसा डबल झिरो मस्टर्ड 31’ वाण काढला आहे. पण मोहरीच्या तेलाचा झणका ग्लुकोसिनोलेटमधूनच येतो, आणि माशाच्या रश्श्यात तो नसेल तर बंगाली माणूस ते तेल घरात घेणार नाही.