त्वचेवरचा सोबती, नळीतला शत्रू

स्टॅफिलोकॉकस एपिडर्मिडिस हा जंतू आपल्या प्रत्येकाच्या त्वचेवर राहतो. तिथे तो सहसा त्रास देत नाही. उलट काही अपायकारक जंतूंना रोखतो. पण शिरेत घातलेली नळी, कृत्रिम गुडघा किंवा हृदयाची कृत्रिम झडप यांच्यासोबत तो आत शिरला की चित्र पालटते. त्या वस्तूला धरून तो स्वतःभोवती चिकट थर तयार करतो. थराआडच्या जंतूंवर प्रतिजैविकांचा नीट परिणाम होत नाही, शरीराच्या संरक्षक पेशीही तोकड्या पडतात. मग पुष्कळदा बसवलेला सांधाच काढावा लागतो. आधीच थकलेल्या रुग्णावर ही आणखी एक शस्त्रक्रिया!

२०१८ मध्ये मेलबर्नच्या संशोधकांनी वेगवेगळ्या देशांतले या जंतूचे नमुने तपासले, तेव्हा अनेक औषधांना दाद न देणारे वाण रुग्णालयांत पसरलेले दिसले. मला सर्वांत गंभीर वाटते ते हे: रिफॅम्पिसिनपासून (आपल्याकडे क्षयरोगासाठी परिचित असलेले औषध) वाचवणारा जनुकीय बदलच या वाणांवरचा व्हॅन्कोमायसिनचा प्रभावही कमी करतो. व्हॅन्कोमायसिन तर राखीव फळीतले औषध.

म्हणून नळी घालताना हात व त्वचा काटेकोरपणे निर्जंतुक हवी. आणि नळीची गरज अजून आहे का, हे नातेवाइकांनीही डॉक्टरांना रोज निःसंकोच विचारावे.