एका दिवसात दोन घरं

पहाटे ५.३०
कुकर लावते आणि शिट्ट्या होईपर्यंत सीन वाचते. मालिकेचे सीन रात्री उशिरा मोबाइलवर येतात. मी नायिकेची आत्या. आजच्या दोन सीनमध्ये मला एकही वाक्य नाही, आणि जास्त तयारी त्यांचीच करावी लागते. वाक्य असलं की लेखक सोबत असतो. नसलं की आत्या देवघरातून आली की स्वयंपाकघरातून, भाचीचं लग्न तिला मनातून मान्य आहे की नाही, हे आपणच ठरवून जायचं. नायिकेला उलगडायला शेकडो भाग मिळतात. आत्याला दाराशी उभं राहताक्षणी आख्खं आयुष्य जगून आलेली दिसावं लागतं.

सकाळी ७.३०
गोरेगावची चित्रनगरी. रंगभूषाकार दादा केसांना पांढरी झाक देतात. कालचा सीन अर्धा राहिलाय, म्हणून सहायक दिग्दर्शिका फोटो दाखवून बांगड्या मोजते. साडी मीच नेसते. पदर खोचलेला, कारण ही बाई घरात कधी रिकामी बसलेली नाही.

रोज वयाने मोठी होताना रोहिणी हट्टंगडी आठवतात. ‘गांधी’ (१९८२) मध्ये त्या तरुण कस्तुरबांपासून वृद्ध बांपर्यंत गेल्या. सहाय्यक अभिनेत्रीचा बाफ्टा पुरस्कार त्यांना मिळाला. नुसत्या पांढऱ्या केसांनी वय दिसत नाही. बसता-उठताना हात कुठे टेकतो, त्यात ते दिसतं.

सकाळी १०
आधी मास्टर, म्हणजे सगळ्यांचा एकत्र शॉट, मग नायिकेचे क्लोजअप, सगळ्यात शेवटी माझा. “ताई, तुमचा तेवढा राहिलाय.” तोवर नायिका पुढच्या सीनचे कपडे बदलायला गेलेली असते. तिची वाक्यं सहायक कागदावरून वाचून दाखवतो आणि मी कॅमेऱ्याशेजारच्या खुणेकडे बघून रडते. म्हणून मास्टर चालू असतानाच तिचा श्वास कुठे अडला, कोणत्या शब्दाला नजर खाली गेली, हे मी मनात टिपून ठेवते. क्लोज देताना उत्तर त्या क्षणाला द्यायचं.

दुपारी १.३०
डबा उघडतो आणि गप्पा पैशांकडे वळतात. मालिकेचं मानधन साधारण नव्वद दिवसांनी हातात येतं, घराचा हप्ता मात्र दर महिन्याला जातो. नव्या मुली विचारतात, मुख्य भूमिका मिळालीच नाही तर? मी ललिता पवारांचं नाव घेते. १९४२ साली चित्रीकरणात थप्पड जोरात लागली, चेहऱ्याला पक्षाघात झाला, डावा डोळा कायमचा अधू झाला. नायिकेची कामं गेली. पुढे त्यांच्या खाष्ट सासवांना प्रेक्षक घाबरले आणि ‘अनाडी’ (१९५९) मधल्या मिसेस डिसांवर त्याच प्रेक्षकांनी जीव लावला. त्या भूमिकेसाठी त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर मिळाला. दुय्यम म्हटलेल्या कामात किती जागा असते, हे त्यांनी दाखवून दिलं.

संध्याकाळी ५.३०
प्रयोग आहे हे आधीच सांगून ठेवलेलं, त्यामुळे वेळेत सोडतात. गोरेगावहून दादरची लोकल. बायकांच्या डब्यात उभ्या उभ्या नाटकाचा पहिला अंक मनात म्हणून घेते. आत्या मागे राहते, सासूबाई पुढे येतात.

संध्याकाळी ७
शिवाजी मंदिर. कॅमेऱ्याचा मेकअप उतरवून रंगमंचाचा चढवायचा. शेवटच्या रांगेलाही भुवई दिसली पाहिजे. मग माझी प्रॉपर्टी स्वतः तपासते: सुपली, त्यात तांदूळ, उजव्या विंगेत. नटराजाला नमस्कार.

रात्री ८.३०
तिसरी घंटा, पडदा. माझे प्रवेश थोडे. नायकाच्या वाक्यावर हशा येतो आणि माझं खरं काम तिथे सुरू होतं. हशा ओसरू लागला की वाक्य टाकायचं. घाई केली तर वाक्य बुडतं, उशीर केला तर प्रवेश थंड पडतो. तेवढा वेळ तांदूळ निवडत राहायचं, म्हणजे घर चालू राहतं. नायकाला पुढची टाळी मिळते तेव्हा तिच्यातला माझा वाटा मला पक्का ठाऊक असतो आणि तो मला पुरतो.

रात्री ११.३०
प्रेक्षक आत येतात. “तुम्ही मालिकेतल्या आत्या ना!” नाव क्वचितच आठवतं, पण माझी आत्या अगदी अशीच होती, असं सांगताना एका बाईंचा गळा भरून येतो. याहून मोठी पावती मी मागत नाही. व्यवस्थापक आजच्या नाईटचं पाकीट देतात.

उद्या पुण्यात बालगंधर्वला दुपारचा प्रयोग. बस सकाळी सातला इथूनच सुटणार. निघण्याआधी बॅकस्टेजच्या दादांना एक काम सांगते: दुसऱ्या अंकात सासूबाईंचे हात मोकळे राहतात, उद्या मेथीची एक जुडी आणा.