झुरळाच्या घरांतील हिरवें झाड

झुरळ म्हटलें कीं आपल्या घरांत प्रथम वहाण शोधली जाते. परंतु जगांत झुरळांच्या सुमारें ४,५०० जाती शास्त्रज्ञांस ठाऊक असून मनुष्याच्या घरांत शिरणाऱ्या जाती अवघ्या तीसच्या आसपास आहेत. बाकीचीं झुरळें बहुधा रानांत, पालापाचोळ्याखालीं, आपलें आयुष्य काढतात. दक्षिण भारतांतील खुरट्या रानांत आढळणारें सात ठिपक्यांचें झुरळ हें त्यांपैकींच एक होय. काळ्या पाठीवर पांढरे ठिपके, जणूं डॉमिनोच्या खेळांतील सोंगटीच! लिनीअसनें १७५८ सालीं त्याचें वर्णन केलें, तेव्हां त्यानेंही तें भुंगेऱ्यांतच गणलें होतें.

आज अनेक हौशी लोक हीं झुरळें काचेच्या पेटींत पाळतात. आमच्या विज्ञानाच्या वर्गांतही अशी एक पेटी आहे. तींत जिवंत झाड लावावें काय, असें विद्यार्थी नेहमीं विचारतात.

झाडाचे उपयोग उघड आहेत. पानांवाटे पाण्याची वाफ निघते, त्यामुळें पेटींतील हवा कोरडी पडत नाहीं. पानांखालीं कीटकांस सावली व आडोसा मिळतो. कीटकांची विष्ठा मातींत कुजून तिचें खत होतें व तें झाडाच्या कामीं येतें.

परंतु हा संसार दिसतो तितका सोपा नाहीं. या झुरळाचीं पिल्लें मातींत राहतात; त्यांच्या उकरण्यानें मुळें सैल होतात. भुकेलेलीं झुरळें कोंवळे कोंब कुरतडतात. झाडासाठीं पाणी फार घातलें तर मातींत बुरशी माजते. उजेडासाठीं पेटी उन्हांत ठेविली तर कांच तापून आंतील जीव होरपळतात.

याहून मोठा धोका आम्हांस अनुभवानें कळला. गेल्या वर्षीं आम्हीं बाजारांतून एक टवटवीत नेचा आणिला आणि त्याच दिवशीं पेटींत लाविला. तीन दिवसांत अकरा पिल्लें उताणीं पडलेलीं आढळलीं. नेच्यावर कीड मारण्याचें औषध फवारलेलें असावें, हें फार उशिरां ध्यानांत आलें. जी विद्यार्थिनी तीं पिल्लें रोज मोजून वहींत टिपून ठेवी, तिला काय सांगावें हें आम्हांस सुचेना. विकणाऱ्यास आम्हीं कांहींच विचारिलें नव्हतें, चूक आमचीच.

तेव्हांपासून आम्हीं घरींच फांदी लावून वाढविलेला मनीप्लांट वापरतों. तो लहानशा मातीच्या कुंडींत लावून कुंडी काठापर्यंत पेटींतील मातींत पुरतों व तिच्या तोंडाशीं गोटे पसरतों; त्यामुळें मुळें सुरक्षित राहतात. पाणी कुंडींतच घालतों. तें हळूहळू झिरपून भोंवतालची माती ओलसर राहते, पेटीचें दुसरें टोंक कोरडें राहतें, आणि ज्याला जें मानवेल तें तो जीव आपणच निवडतो. पेटी खिडकीजवळ, परंतु थेट ऊन लागणार नाहीं अशी ठेवितों.

तरीही एक गोष्ट विसरूं नये. हिरवें झाड आपल्या डोळ्यांस सुख देतें. झुरळाचें खरें अन्न व अंथरूण म्हणजे औषध न फवारलेलीं वाळकीं पानें. झाडावांचून त्याचें चालेल, पाचोळ्यावांचून चालणार नाहीं. ज्याला आपण पाळतों त्याची गरज आधीं, आपली हौस मागाहून.

पालकांस विनंति एवढीच कीं, मुलानें अशी पेटी मागितली तर लगेच वहाण शोधूं नये. "झाड कोठून आणणार?" एवढें मात्र अवश्य विचारावें.