राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालय, मुंबई : वास्तूचे पुनरुपयोजन

आधुनिक कलेचे संग्रहालय म्हटले की बिल्बाओच्या गुगेनहाइमसारखी (१९९७) नवी, लक्षवेधी इमारत आठवते. मुंबईत मात्र जुन्याच वास्तूला नवे अंतरंग लाभले. जॉर्ज विटेट यांनी रचलेले सर कावसजी जहांगीर सभागृह १९११ मध्ये उभे राहिले. मैफली व सार्वजनिक सभांनी गाजलेले हे सभागृह कालांतराने मागे पडून लग्नसमारंभ व विक्री-प्रदर्शनांपुरते उरले. वास्तुविशारद रोमी खोसला यांनी बाह्यरूप कायम राखले आणि आतील एकसंध पोकळीत जिन्यांनी जोडलेली, वर चढत जाणारी अर्धवर्तुळाकार दालने बसविली. १९९६ मध्ये संग्रहालय खुले झाले. घुमटाखालील दालनापर्यंतची ही चढण हाच प्रेक्षकाचा मार्ग होय. मात्र वक्र भिंतीशी मोठी सपाट चित्रे सहज जुळत नाहीत. शिवाय भव्य सभागृह कायमचे गेले. ही किंमत थोडी नव्हे. तरीही वास्तू वाचली, हे प्रस्तुत लेखकास अधिक मोलाचे वाटते.

नांदेड-लातूरहून निघणाऱ्या शैक्षणिक सहलींत समोरचे छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय बहुधा असतेच. तेही विटेट यांचेच, व प्रारंभापासून संग्रहालय म्हणूनच योजलेले. रस्ता ओलांडल्यास एकाच वास्तुविशारदाच्या दोन इमारतींचा तुलनात्मक अभ्यास विद्यार्थ्यांकडून एका दिवसात करून घेता येईल.