दर्शनी भिंतीचे आवरण : धातूचे की लाकडाचे?

पुणे, नाशिक किंवा ठाण्याच्या नव्या वसाहतींतून फेरफटका मारला, तर घरांचे दर्शनी रूप किती बदलले आहे हे सहज ध्यानात येते. सिमेंटचा गिलावा आणि त्यावर रंग, ही वर्षानुवर्षांची रीत मागे पडून भिंतीवर बाहेरून कोरडे आवरण चढवण्याची पद्धत रूढ होत आहे. एकेकाळी मोटारींच्या शोरूमपुरते दिसणारे अॅल्युमिनियमचे चकचकीत पत्रे आता बंगल्यांवर आले आहेत. ज्यांना धातूची झळाळी नको, ते सागवानी रेषांचे तक्ते निवडतात. बाजारात पहिल्याला एसीपी आणि दुसऱ्याला एचपीएल म्हणतात. निवड करताना घरमालक रंगछटांची पुस्तिका चाळतो, चौरस फुटाचा दर विचारतो आणि मोकळा होतो. पत्र्याच्या पोटात काय आहे, हे विचारणारे थोडेच.

खरी गोष्ट त्या पोटातच दडलेली असते. एसीपी हा दिसायला धातूचा असला, तरी तो निखळ धातू नव्हे. साधारण चार मिलिमीटर जाडीच्या चांगल्या पत्र्यात अॅल्युमिनियमचे दोन थर जेमतेम अर्ध्या अर्ध्या मिलिमीटरचे असतात. मधले तीन मिलिमीटर भरावाचे. स्वस्त पत्र्यात हा भराव पॉलिथिलीनचा, म्हणजे पिशव्या-बादल्यांच्या जातीच्या प्लॅस्टिकचा असतो. महाग पत्र्यात खनिज द्रव्यांचे प्रमाण वाढवून तो ज्वलनरोधक केलेला असतो. बाहेरून दोन्ही पत्रे अगदी सारखे दिसतात. १९६९ मध्ये युरोपात हा पत्रा बाजारात आला, तो हलका, सपाट आणि हवा तसा वाकवता येणारा म्हणून. चार मिलिमीटरच्या पॉलिथिलीन पत्र्याचे वजन चौरस मीटरला साडेपाच किलोच्या आसपास भरते. हे गुण खरेच आहेत, त्यांची किंमत मात्र आगीच्या वेळी कळते.

१४ जून २०१७ च्या पहाटे लंडनमधील २४ मजली ग्रेनफेल टॉवरमध्ये चौथ्या मजल्यावरील स्वयंपाकघरात फ्रिजजवळ आग लागली. एरवी अशी आग एका घरातच विझवली जाते. येथे ती खिडकीतून बाहेर पडली आणि नूतनीकरणात बसवलेल्या आवरणावरून थेट वरच्या मजल्यापर्यंत चढली. ७२ जणांचा बळी गेला. आग पसरण्याचे मुख्य कारण पॉलिथिलीनचा भराव असलेले हे आवरण होते, असा निष्कर्ष चौकशीच्या २०१९ च्या अहवालात नोंदवला गेला. मूळ प्रस्ताव जस्ताच्या आवरणाचा होता. सुमारे २ लाख ९३ हजार पौंडांची बचत होते म्हणून तो बदलला गेला. दुबईतील उंच इमारतींना २०१५ मध्ये लागलेल्या आगींतही अशाच पत्र्यांची चर्चा झाली होती.

मग लाकडी तक्ते अधिक सुरक्षित म्हणावेत काय? येथेही नाव आणि रूप फसवे आहे. एचपीएलमध्ये फळी नसते. लाकडाच्या लगद्यापासून केलेल्या जाड कागदाचे अनेक थर फिनॉलिक राळेत भिजवून उष्णता आणि प्रचंड दाबाखाली एकजीव केले जातात. वजनाने निम्म्याहून अधिक भाग लाकडी तंतूंचाच. त्यामुळे सागवानी रेषा केवळ छापील असल्या, तरी जातीने हा तक्ता लाकूडच आहे आणि तो जळतो. पॉलिथिलीनसारखा वितळून थेंब थेंब गळत नाही, वरून कोळसा धरत जातो, एवढा फरक. १५ नोव्हेंबर २०१९ रोजी इंग्लंडमधील बोल्टन येथे विद्यार्थ्यांच्या एका सहा मजली वसतिगृहाला आग लागली, तेव्हा ती एचपीएलच्या आवरणावरूनच पसरली. सुदैवाने सारे बाहेर पडू शकले.

आगीइतकाच आपल्याकडे पावसाचा विचार हवा. कोकणात पावसाळ्यापूर्वी भिंतींना झावळ्यांचे झाप बांधत, कारण आडव्या झडीपुढे वळचण पुरत नाही हे जुन्या लोकांना पक्के ठाऊक होते. आजचे आवरण हा त्याच झापाचा नवा अवतार. ते भिंतीला घट्ट चिकटवायचे नसते. मागे दोन-अडीच सेंटिमीटरची पोकळी ठेवायची, म्हणजे आत शिरलेले पाणी खाली निथळते आणि भिंत वाळते. हीच पोकळी आगीत धुराड्याचे काम करते, म्हणून उंच इमारतीत मजल्यागणिक अग्निरोधक अडसर लागतो.

धातू उन्हाने फुगतो. तीन मीटरचा अॅल्युमिनियम पत्रा तापमानात ४० अंशांचा फरक पडला की जवळपास तीन मिलिमीटर लांबतो. लाकडी तक्ता ओलाव्याने हलतो. दोहोंच्या सांध्यांना जागा ठेवली नाही, तर पत्रा पोक काढतो आणि तक्ता स्क्रूपाशी तडकतो. अलिबाग-रत्नागिरीच्या खाऱ्या हवेत सर्वांत आधी दगा देतात ते साधे लोखंडी स्क्रू आणि चौकट. अॅल्युमिनियमला लोखंड टेकले की ओलाव्यात गंज वेगाने धरतो. समुद्रकाठी ३१६ प्रतीचे स्टेनलेस स्टीलच वापरावे. बाहेरच्या पत्र्याला पीव्हीडीएफ लेप मागावा, पॉलिएस्टरचा लेप उन्हात लवकर फिका पडतो. घरातल्या कपाटांची सनमायका प्लायवर चिकटवून बाहेर लावण्याचा उद्योगही काही सुतार करतात. दोन पावसाळ्यांत तिचे पापुद्रे सुटतात.

आणखी एक प्रकार सोसायट्यांत सर्रास आढळतो. भिंतीला भेगा, खिडकीच्या कडेने गळती, आणि त्यावर उपाय म्हणून समोरून एसीपी. गळती दिसेनाशी होते, थांबत मात्र नाही. सळ्या आत गंजत राहतात आणि दुरुस्तीची वेळ येते तेव्हा आवरण काढण्याचा खर्च वेगळा.

तेव्हा निवड इमारतीवर ठरावी. अनेक मजल्यांच्या निवासी इमारतीवर न जळणारे आवरणच योग्य : खनिज भरावाचा सर्वांत वरच्या दर्जाचा पत्रा किंवा निखळ अॅल्युमिनियम. तेथे स्वस्त एसीपी आणि साधे एचपीएल, दोन्ही नकोत. एकमजली बंगल्यातून माणसे झटकन बाहेर पडू शकतात, त्यामुळे तेथे छज्जाखाली किंवा प्रवेशदारापाशी किमान सहा मिलिमीटरचा, बाहेरच्या वापरासाठी बनवलेला ज्वलनरोधक एचपीएल शोभतो आणि टिकतोही. पश्चिमेच्या उघड्या, पावसाच्या तोंडच्या भिंतीला मात्र धातू बरा.

माल उतरवून घेताना प्रमाणपत्रावरील नाव आणि पत्र्यामागचा छाप जुळतो का ते पाहावे. एक तुकडा कापून मोकळ्या जागी ज्योतीवर धरावा. भराव मेणबत्तीसारखा पेटून थेंब गाळू लागला, तर तो पॉलिथिलीनचा समजावा. ही कसोटी ढोबळ आहे, प्रमाणपत्राची जागा ती घेत नाही. त्याच खेपेतले दोन-चार पत्रे किंवा तक्ते जादा घेऊन ठेवावेत, पुढे एखादा बदलायचा झाला तर नवीन मालाची छटा सहसा जुळत नाही.